उकेमी

चार जानेवारी. घणसोली गावठाण, दुपारचे दीड.
तिकडे टोकियोत पाच वाजलेत, बाहेर अंधार,
आत घुमटाखाली हजारो माणसं,
आणि इकडे माझे सासरे
कमरेचा पट्टा आवळून टीव्हीसमोर,
जणू यांचीच जोड लागलीय.

ह्या दिवसासाठी मी रजा टाकते.
एरवी महापेला, कंपनीत,
जपान्यांच्या तक्रारी मराठीत आणते:
आवाज येतो. तेल गळतं.
आणि आमची उत्तरं जपानीत नेते:
क्षमस्व, पुन्हा होणार नाही.
आज फक्त समालोचकाचा घसा.

"काय म्हनतंय त्यो?"
"म्हणतोय, आला, आला."
"त्ये मना पन दिसतंय."

लग्नानंतरच्या पहिल्या जानेवारीत
मी शहाणपणानं सांगून बसले होते
की यांचं सगळं आधी ठरलेलं असतं,
नूरा कुस्ती.
ते मोडलेल्या कानावरून बोट फिरवत राहिले.
मग म्हणाले,
"ठरलेलं असलं म्हून काय जमीन मऊ व्हते?"

जोड्यांच्या कुस्त्या झाल्या. हलक्या वजनाचा पट्टा
एका हातातून दुसऱ्या हातात गेला.
एक जण दोरावरून बाहेर उडाला, तो थेट कठड्यावर.
सासूबाई कडवे वाल सोलत होत्या,
मान वर न करता विचारलं,
"ह्या पोरांना आया नाय का?"

शेवटची कुस्ती. मोठा पट्टा.
जुना चॅम्पियन पन्नाशीला टेकलेला,
दोन्ही गुडघ्यांना जाड पट्ट्या,
समोर चोवीस वर्षांचा पोरगा,
त्याच्याच तालमीत त्याचे कपडे धुऊन वाढलेला.
(हे समालोचकानं सांगितलं, मी सांगितलं,
सासऱ्यांनी मान हलवली, यात नवीन काय.)

अर्धा तास. छातीवर पंजे असे बसत होते
की वाल सोलणं थांबलं.
म्हाताऱ्यानं पोराला उचललं, उलटं केलं,
घुमट श्वास धरून बसला,
आणि सासरे गुडघ्यावर पुढे सरकले.
"मान बग. हात कुटं ठेवलाय बग मानेखाली.
मारीत नाय त्यो.
संभालतंय पोराला."

तेवढ्यात समालोचक म्हणाला, उकेमी.

हा शब्द मला ठाऊक होता, पण वेगळ्या दारानं आलेला.
वाशीच्या क्लासात, वहीच्या डाव्या पानावर:
उकेमी, म्हणजे कर्मणी प्रयोग.
पाकीट मारलं गेलं. दार उघडलं गेलं.
आणि एक प्रकार तर मराठीत बसतच नाही,
ज्यात मूल रडतं आणि माझ्यावर रडलं जातं.
बाई म्हणाल्या होत्या, याला कर्मणी कसलं म्हणता,
सोसणी म्हणा.

"काय म्हनला?"
"पडण्याची कला," मी म्हटलं.
"म्हणतोय, यांच्याइतकं सुंदर पडणं कुणाला जमलं नाही."

एक. दोन.
दोनच्या पुढे, तीनच्या अलीकडे
म्हाताऱ्याचा खांदा हलला, मला दिसला,
उचलता आला असता.
तीन.

पोरगा पट्टा छातीशी धरून रडत होता.
म्हातारा दोराखालून खाली उतरला,
रिंगणाला वाकून नमस्कार केला
आणि त्या लांबलचक वाटेनं एकटा निघाला.

शिरवण्याच्या जत्रेची गोष्ट आमच्या घरात सगळ्यांना पाठ आहे.
हशा केणीनं सासऱ्यांना ढाक मारून चीत केलं.
माती ओली होती. पाय सरकला.
चाळीस वर्षं पाय सरकतोय,
बारशाला, हळदीला, परवा नातवाच्या शाळेतसुद्धा.

टीव्हीकडेच बघत ते म्हणाले,
"माती कोरडीच व्हती."

कुणी काही विचारलं नाही.
हशा केणी जाऊन सहा वर्षं झाली,
त्याचं काय अडलं होतं त्या साली, तोच जाणे.
सासूबाईंनी सालं पदरातून ताटात झाडली.
"मना ठाव हाय.
लंगोट मीच धुतलावता. चिखल नव्हता त्याला."

समालोचक अजून बोलत होता, खूप काही बोलत होता,
मी तोंड उघडलं आणि मिटलं.
सासऱ्यांनी कमरेमागे हात नेला,
पट्ट्याचं वेल्क्रो सोडवलं,
फर्रर्र,
आणि हळूच, एका कुशीवर,
डोकं आधी वाचवत,
आडवे झाले.